चार अक्षरांची आजी

"दादा, सातशे गेम आहेत यात, पण पोरं दोन मिनिटांत कंटाळतात. जरा कमी करून द्या ना."

असं म्हणत कुणीतरी काउंटरवर तळहातावर मावेल असा करडा डबा ठेवतं. सोबत एक एचडीएमआय वायर, एक कंट्रोलर आणि प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळलेला चार्जर. पुण्यात तपकीर गल्लीच्या जवळ माझं छोटं दुकान आहे. मुख्य काम टीव्हीचे बोर्ड, अ‍ॅडॅप्टर, सेट टॉप बॉक्स दुरुस्त करण्याचं. पण 2017 नंतर हे मिनी कन्सोल यायला लागले आणि हळूहळू त्यांचे गेम आवरून देणं हे माझं आणखी एक काम होऊन बसलं. इथे हा डबा सहसा कुणाच्या तरी बॅगेतूनच येतो. बहीण न्यू जर्सीहून येताना आणते, नाहीतर मित्र कंपनीच्या कामाला गेलेला असतो, तो आणतो.

निन्टेंडोने हे एनईएस क्लासिक मिनी नोव्हेंबर 2016 मध्ये काढलं. एनईएस या त्यांच्या जुन्या गेमयंत्राची हुबेहूब छोटी प्रतिकृती, आत 30 गेम, आणि नवीन गेम घालायची सोय नाही. एप्रिल 2017 मध्ये कंपनीने उत्पादन थांबवलं, तोवर जगभर 23 लाख डबे खपले होते. लोकांनी इतकी मागणी केली की जून 2018 मध्ये ते पुन्हा बाजारात आणावं लागलं. आत ऑलविनर कंपनीची एक साधी चिप, 256 मेगाबाइट रॅम आणि 512 मेगाबाइटची फ्लॅश मेमरी. चालतं लिनक्सवर. म्हणजे वरून खेळणं दिसलं तरी आतून तो चक्क छोटा संगणकच आहे. त्यामुळे व्हायचं ते झालं. जानेवारी 2017 मध्येच एका रशियन प्रोग्रामरने 'हाकची' नावाचं सॉफ्टवेअर सोपं करून लोकांच्या हाती दिलं. यूएसबीने डबा संगणकाला जोडा आणि हवे तेवढे गेम आत टाका. मग 'सगळे गेम भरून देतो' म्हणणारे जागोजागी उभे राहिले. माझ्याकडे येतात ते बहुतेक त्यांच्या हातून गेलेले डबे.

दुकानाचा माझा एक नियम आहे. मी गेम काढतो, घालत नाही. ज्यांनी ते बनवले त्यांचे हक्क अजून शाबूत आहेत, आणि मूळच्या तीस गेमचे पैसे गिऱ्हाइकाने रीतसर मोजलेले असतात. बाकीच्यांचे कुणी मोजलेले नसतात. काही गिऱ्हाइकं यावर रुसून जातात. जाऊ देत.

काम तसं सोपं, पण पहिल्या डब्याने माझी एक अख्खी दुपार खाल्ली. डबा संगणकाला जोडायचा, रिसेटचं बटण दाबून धरायचं, तसंच धरून पॉवरचं बटण दाबायचं आणि काही सेकंद सोडायचं नाही. लाल दिवा लागत नाही. लागलाच तर चुकलं. दिवा न लागता संगणकाला 'काहीतरी जोडलंय' असं कळलं की जमलं. माझ्या संगणकाला काही केल्या कळेना. मी डबा उघडला, सॉकेटचे टाके तपासले, पुन्हा डाग दिला, ड्रायव्हर तीनदा टाकला. संध्याकाळी शेजारच्या मोबाइलवाल्याने आपली वायर दिली आणि पहिल्या झटक्यात डबा दिसला. गिऱ्हाइकाने दिलेली वायर फक्त चार्जिंगची होती, तिच्यात डेटाच्या दोन तारा नव्हत्याच. तेव्हापासून ड्रॉवरमध्ये एक वायर वेगळी ठेवली आहे, तिला लाल टेप गुंडाळलेला आहे. दुकानातल्या पोराला सांगून ठेवलंय, त्या वायरने मोबाइल चार्ज करायचा नाही.

डबा दिसला की सगळ्यात आधी त्याच्या मूळ कर्नलची प्रत संगणकावर उतरवून घ्यायची. उद्या काही बिघडलं तर मागे जायला तोच एक रस्ता. मग पडद्यावर यादी येते. प्रत्येक गेमपुढे चौकोन, चौकोनात बरोबरची खूण. नको त्याची खूण काढायची आणि यादी डब्यात पाठवायची. झालं.

या 'झालं'मध्ये एक गंमत दडलेली आहे आणि ती मी प्रत्येक गिऱ्हाइकाला मुद्दाम सांगतो. नंतर घातलेला गेम काढला तर तो खरंच जातो. पण कंपनीने दिलेले तीस गेम जात नाहीत. ते मेमरीच्या अशा भागात घट्ट बांधून ठेवलेले असतात की तिथून वाचता येतं, लिहिता किंवा पुसता येत नाही. खूण काढली की ते फक्त मेनूत दिसेनासे होतात. सामान माळ्यावरच असतं, आपण माळ्याला पडदा लावतो इतकंच. त्यामुळे तीसपैकी वीस काढले तरी जागा एका पैशाचीही वाढत नाही.

आणि वाढून तरी काय मोठी वाढणार? 'सुपर मारिओ ब्रदर्स' हा अख्खा गेम 40 किलोबाइटचा आहे. सकाळी येणारा 'शुभ प्रभात'चा फुलांचा फोटो त्याच्यापेक्षा मोठा असतो. 'कर्बीज अ‍ॅडव्हेंचर' त्या काळातला अवाढव्य गेम, तोही एका मेगाबाइटच्या आत बसतो. एनईएसचेच गेम असतील तर जागा संपायची भीती फारशी नाही. जागा संपते ती लोक त्यात दुसऱ्या, मोठ्या यंत्रांचे गेम कोंबतात तेव्हा.

म्हणजे गेम कमी करायचे ते यंत्रासाठी कमी, माणसासाठी जास्त. हे कळायला मला वर्षभर लागलं.

सुरुवातीला मी गिऱ्हाइकाला शेजारी बसवून विचारायचो, "हा काढू?" तो म्हणायचा, "राहू द्या." "हा?" "हा पण राहू द्या, कधीतरी खेळीन." सातशेतले तीस-चाळीस निघायचे आणि दोघंही थकायचो. एकदा एक आयटीवाले गृहस्थ आले होते, वय पंचेचाळीसच्या आसपास. त्यांच्या यादीत मी चुकून 'सगळ्यांच्या खुणा काढा' हे बटण दाबलं. यादी एकदम कोरी झाली. माफी मागून पुन्हा खुणा लावायला गेलो, तर ते म्हणाले, "थांबा, असंच राहू द्या." मग कोऱ्या यादीकडे बघत त्यांनी सावकाश एकेक नाव सांगितलं. दुसरा मारिओ नको, तिसरा हवा. 'एक्साइटबाइक' हवा. 'आइस क्लायंबर' हवा, तो बहिणीचा. अकरा गेम झाले आणि ते थांबले. म्हणाले, "बास, आमच्याकडे होते तेवढे झाले." तेव्हापासून मी पद्धत बदलली. आता आधी यादी कोरी करतो आणि मग विचारतो. 'काय काढू' विचारलं की माणूस अडून बसतो. 'काय ठेवू' विचारलं की त्याला आपोआप आठवायला लागतं.

आणि आठवतं ते बहुतेक एकच नाव. कॉन्ट्रा. "त्यात कॉन्ट्रा आहे ना?" मूळच्या तीसमध्ये नाही. त्याचा पुढचा भाग 'सुपर सी' आहे, पण तो इकडे फार कुणी खेळलेला नाही. दुसरा प्रश्न बंदुकीचा, बदकं मारायचा. 'डक हंट'सुद्धा यात नाही, आणि त्यामागे ठोस कारण आहे. बंदुकीचा घोडा दाबला की टीव्हीचा पडदा क्षणभर काळा व्हायचा आणि बदकाच्या जागी पांढरा चौकोन उमटायचा. बंदुकीच्या नळीतलं सेन्सर तो प्रकाश पकडायचं. जुन्या काचेच्या टीव्हीवर चित्र त्याच क्षणी उमटतं, म्हणून हिशेब जुळायचा. आताच्या सपाट टीव्हीवर चित्र यायला जरासा उशीर होतो आणि बंदूक आंधळी होते. हे समजावून सांगितलं की चाळिशीतली माणसंही हिरमुसतात. त्यांना वाटत असतं की डब्यात सगळं लहानपण भरून दिलंय.

त्यांचं लहानपण मुळात निन्टेंडोचं नव्हतंच. आपल्याकडे 'टीव्ही गेम' आला तो नकलेच्या रूपात. जपानमध्ये जुलै 1983 मध्ये आलेल्या निन्टेंडोच्याच फॅमिकॉमच्या त्या नकला. कार्ट्रिजला आपण 'कॅसेट' म्हणायचो. मी शिकाऊ होतो तेव्हा दिवसाला पाच-पाच टीव्ही गेम दुरुस्तीला यायचे. बहुतेकांचा व्होल्टेज रेग्युलेटर तापून गेलेला किंवा अ‍ॅडॅप्टरची पिन सैल. कॅसेट उघडली की आत हिरवी पट्टी आणि तिच्यावर डांबरासारखा काळा गोळा, चिप त्याच्याखाली. वेष्टनावर '9999 इन 1' छापलेलं आणि प्रत्यक्षात गेम मोजके. तोच मारिओ वेगवेगळ्या पातळ्यांवर सुरू होऊन शंभर नावांनी फिरून यायचा. त्या यादीतून काही काढायची सोयच नव्हती. जे होतं ते काळ्या गोळ्याखाली कायमचं. पोरं नंबर पाठ करायची. माझ्या मालकाच्या मुलाला कुठल्या नंबरवर टँकचा गेम आहे हे झोपेतून उठवून विचारलं तरी सांगता यायचं.

आता तसंच काहीसं स्वस्त गेम स्टिकच्या बाबतीत आहे. एचडीएमआयमध्ये खोचायची काडी, दोन वायरलेस कंट्रोलर, मेमरी कार्डात दहा हजार गेम असल्याचा दावा. त्यातही तेच ते गेम पुन्हा पुन्हा. पण इथे कार्ड काढता येतं, म्हणून लोक घरीच फाइली उडवतात आणि मग रडत येतात. गेमची फाइल एकीकडे आणि मेनूतली यादी दुसरीकडे असली तर फाइल गेली तरी नाव तसंच राहतं. निवडलं की काळा पडदा. शिवाय सोबत येणारी कार्डं फार कच्ची असतात. मी आधी अख्खं कार्ड चांगल्या कार्डावर उतरवतो, मगच हात लावतो.

हात लावायच्या आधी प्रत घ्यायची. हे मी आज ठासून सांगतो, पण शिकलो ते एका मुलाच्या नुकसानीतून.

2019 च्या जानेवारीत एक बाई आल्या. सोबत मुलगा, दहावीतला. बाई म्हणाल्या, "दादा, मार्चमध्ये बोर्डाची परीक्षा आहे. याचे हे लांबलचक गेम तेवढे काढून ठेवा. सगळा डबा बंद केला तर घरात भांडण होतं. छोटे राहू देत, अर्ध्या तासाचे. परीक्षा झाली की परत घालून द्या." मला त्यांचं म्हणणं पटलं. मुलगा गप्प होता. आईने नाव घेतलं तेव्हा त्याने मान हलवली, एवढंच.

त्यांचा डबा स्वच्छ होता, कुणी काही कोंबलेलं नव्हतं. मूळचे तीस. मी दुकानातल्या टीव्हीला जोडून बघितला. मेनूत गेमच्या खाली त्याच्या साठवलेल्या जागा दिसतात. खेळता खेळता रिसेट दाबलं की खेळ त्या क्षणी गोठतो आणि तो क्षण ठेवून देता येतो. एका गेमला असे चार क्षण ठेवता येतात. प्रत्येकाचं छोटं चित्र दिसतं आणि कुणी चुकून पुसू नये म्हणून त्याला कुलूपही लावता येतं. या मुलाच्या 'फायनल फँटसी'च्या चारही जागा भरलेल्या होत्या आणि त्यातल्या दोन जागांना कुलूप होतं.

एक चित्र मी जरा वाकून बघितलं. त्या गेममध्ये चार योद्धे निवडायचे असतात आणि प्रत्येकाला इंग्रजी चार अक्षरांत नाव द्यायचं असतं. याने दिलेली नावं होती बाबा, दादा, ताई आणि आजी. बी-ए-बी-ए, डी-ए-डी-ए, टी-ए-ए-आय, ए-ए-जे-आय. आपली घरातली नावं बरोब्बर चार अक्षरांत बसतात हे माझ्या कधी लक्षातही आलं नव्हतं. मी विचारलं, "आजी पांढऱ्या झग्यातली का रे?" तो पहिल्यांदाच बोलला. "काका, ती बरं करते सगळ्यांना. म्हणून." त्या गेममधला पांढरा जादूगार जखमा भरून काढतो. मग जरा थांबून म्हणाला, "तीन गोळे उजळलेत. एकच राहिलाय." त्या गेममध्ये विझलेले चार गोळे उजळवायचे असतात, त्यासाठी आठवडेच्या आठवडे जातात.

त्यांना तासाभराने या म्हटलं. खुणा काढल्या, यादी पाठवली. 'फायनल फँटसी', झेल्डाचे दोन, 'मेट्रॉइड', 'स्टारट्रॉपिक्स', सगळे मेनूतून गेले. इथवर ठीक होतं. पण भरगच्च डबे आवरून आवरून माझ्या हाताला एक सवय लागली होती. काढलेल्या गेमच्या साठवणी मागे राहतात आणि कोंबलेल्या डब्यात त्यांनीच जागा अडते, मग चालू गेमसुद्धा साठवता येत नाहीत. म्हणून गेम काढले की मी लगेच साठवणींची खिडकी उघडायचो, गेलेल्या गेमच्या साठवणी निवडायचो आणि पुसून टाकायचो. त्या दिवशीही तेच केलं. या डब्यात जागेची काही अडचण नव्हती. गेम परत यायचे आहेत हे मला सांगितलेलं होतं. दहा मिनिटांपूर्वी मी स्वतः ते चित्र बघितलं होतं. तरी हात चालत राहिला. मुलाने लावलेलं कुलूप डब्याच्या मेनूपुरतं, यूएसबीने आत शिरणाऱ्याला ते अडवत नाही. सॉफ्टवेअरने 'नक्की ना?' विचारलं आणि मी 'हो' म्हटलं.

त्या दिवशी माझ्या काहीच लक्षात आलं नाही. डबा दिला, दीडशे रुपये घेतले.

एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात दोघं आले. मी खुणा परत लावल्या. गेम हलले नव्हतेच, पडदा तेवढा सारला. टीव्हीला जोडून कंट्रोलर मुलाच्या हातात दिला. एनईएस मिनीच्या कंट्रोलरची वायर जेमतेम अडीच फुटांची, त्यामुळे तो काउंटरला चिकटून उभा होता. त्याने 'फायनल फँटसी'वर जाऊन खाली बघितलं. चार रिकामे चौकोन. त्याने दुसऱ्या गेमवर जाऊन परत बघितलं. मग गेम उघडला. आत गेमची स्वतःचीही एक साठवण असते, पूर्वी कार्ट्रिजमधल्या बटणासारख्या सेलवर टिकायची ती. 'कंटिन्यू'वर गेला, तिथेही काही नव्हतं. मला तेव्हा कळलं. पोटात खड्डा पडला.

त्या बाईंना काही समजलं नव्हतं, त्या फोनवर होत्या. मी मुलाला सांगितलं, "माझ्याकडून पुसलं गेलं. चूक माझी आहे. परत आणता येणार नाही." तो माझ्याकडे बघत राहिला. रडला नाही, चिडला नाही. विचारलं फक्त, "कुलूप लावलं होतं ना, काका?" मी म्हटलं, "लावलं होतंस. मी तरी पुसलं." डब्यातले गेम, जे इंटरनेटवर पैशाला पासरी मिळतात, ते कंपनीने असे बांधून ठेवलेत की मला पुसायचे म्हटले तरी पुसता येत नाहीत. आणि या पोराने रात्री जागून केलेलं, जगात दुसरीकडे कुठेही नसलेलं, काही किलोबाइटचं काम एका क्लिकवर जातं. ही रचना उलटी आहे असं मला तेव्हा वाटलं, आजही वाटतं. पण रचना कशीही असो, कुठे काय ठेवलंय हे मला माहीत होतं. त्या पोराला माहीत असायचं काही कारण नव्हतं.

मी आईंनाही सांगितलं आणि पैसे परत देऊ केले. त्या म्हणाल्या, "अहो, गेमच तर आहे." मुलाने मान खाली घातली. मी म्हटलं, "नाही वहिनी, गेम आहे तसाच आहे. गेलंय ते त्याचं काम." त्यांना ते कितपत पोचलं कोण जाणे, पण त्यांनी घाई केली नाही. स्टुलावर बसल्या.

मुलाने तिथेच, उभ्या उभ्या नवा खेळ सुरू केला. योद्धे निवडले. नावं टाकायची पाटी आली. मी दुसऱ्या गिऱ्हाइकाचा अ‍ॅडॅप्टर हातात घेऊन नुसता उभा होतो. त्याने अक्षरांवरून बाण फिरवत पहिलं नाव टाकलं ते आजीचं. यावेळी पांढऱ्या जादूगाराला सगळ्यात पुढे, पहिल्या जागेवर ठेवलं. माझ्यासारख्या न खेळणाऱ्यालाही माहीत आहे की पुढच्याला सगळ्यात जास्त मार बसतो. मी तसं म्हटलं. तो म्हणाला, "माहितीये." राजवाड्यातून बाहेर पडून गावात गेला, दोन-चार लढाया केल्या, सरायीत मुक्काम करून खेळ साठवला. मग रिसेट दाबून तो क्षण पहिल्या चौकोनात ठेवला आणि कुलूप लावलं.

मी वायर काढायला हात पुढे केला, तर म्हणाला, "काका, आधी कॉपी घ्या. मग काढा."

मी ड्रॉवरमधून लाल टेपची वायर काढली. रिसेट दाबून धरलं, पॉवर दाबलं. दिवा लागला नाही. साठवणींची खिडकी उघडली, त्याला शेजारी बोलावून कुठली फाइल ते दाखवलं आणि संगणकावर उतरवून घेतली. फोल्डरला काय नाव देऊ म्हणून विचारलं. त्याने कीबोर्ड आपल्याकडे ओढला आणि चार अक्षरं टाइप केली.

नंतर दोन वर्षांत मी दोनदा संगणक बदलला. तो फोल्डर प्रत्येक वेळी सगळ्यात आधी नव्या डिस्कवर गेला.